आकाशात गेलेले रत्न

इंग्रज लेखक जे. आर. आर. टोल्किन यांच्या ‘द सिल्मरिलियन’ (1977) या ग्रंथातील कल्पित विश्वात एआरेंडिलचा तारा आहे. हा तारा मुळात एक रत्न. फेआनोर नावाच्या कारागिराने दोन दिव्य वृक्षांचा प्रकाश तीन रत्नांत साठविला. पुढे वृक्ष मरू लागले. त्यांना जगविण्यासाठी रत्ने मागितली, तेव्हा त्याने नकार दिला. वस्तुतः ती आधीच चोरीस गेली होती! ती परत मिळविण्याच्या शपथेपायी त्याने व त्याच्या पुत्रांनी स्वजनांचे रक्त सांडले. अखेर दोन रत्ने हाती आली, पण हात पोळले. एक समुद्रात गेले, दुसरे भूमीच्या अग्नीत. तिसरे मात्र नाविक एआरेंडिलच्या कपाळी आकाशात चढले. तेथे त्यावर कोणाचा ताबा उरला नाही, आणि त्याचा प्रकाश सर्वांस मिळाला.

आचार्य उमास्वातींनी परिग्रहाचे लक्षण मूर्च्छा, म्हणजे आसक्ती, असे सांगितले आहे. तिन्ही रत्ने सारखीच होती; भेद पडला तो धरणाऱ्याच्या मुठीमुळे. परिग्रह-परिमाण व्रत घेणारा श्रावक व्यापार सोडत नाही, मूठ सैल करतो. आपल्या तिजोरीतील किती प्रकाश बाहेर पोहोचतो, याचाही हिशेब वर्षाखेरीस मांडावा.