घासाचे मोल कोणाच्या हाती?

युरोपातील जुन्या शहरांतून अलीकडे प्रवासाची एक नवी रीत रुजली आहे. दहा-बारा प्रवाशांचा मेळा एका स्थानिक वाटाड्याबरोबर सकाळी पायी निघतो. राजवाडे व संग्रहालये बाजूस ठेवून तो वाटाड्या त्यांना बाजारात नेतो. एका दुकानी पाव, दुसऱ्या दुकानी तळलेल्या वड्या, तिसऱ्या दुकानी मिठाई असे थोडे थोडे चाखावयास देतो, आणि प्रत्येक घासाबरोबर त्या गावाची हकीकत सांगतो. दोन-तीन तासांत पोटही भरते व शहराची ओळखही होते. भूमध्य समुद्राच्या काठची अनेक नगरे अशा फेरीसाठी प्रसिद्ध आहेत. परंतु सिसिली बेटावरील पालेर्मो नगरीच्या एका फेरीत जी गोष्ट ऐकावयास मिळते, ती अन्यत्र क्वचितच मिळेल. तेथील वाटाड्या पदार्थाची चव जशी समजावून देतो, तसाच त्या पदार्थापोटी दिलेला पैसा कोणाच्या हाती जातो हेही सांगतो. या दुसऱ्या गोष्टीचे मर्म कळण्यासाठी आपणही त्या मेळ्याबरोबर मनाने थोडे चालू या.

पालेर्मो हे सिसिलीच्या उत्तर किनाऱ्यावरील बंदर. ख्रिस्तपूर्व आठव्या शतकात फिनिशियन दर्यावर्दींनी ते वसविले. ग्रीकांनी त्याला 'सर्व बंदर' या अर्थाचे नाव दिले. त्या नावाचेच आजचे रूप पालेर्मो. इ. स. ८३१ मध्ये अरबांनी ते जिंकले, १०७२ मध्ये नॉर्मन सरदारांनी ते अरबांकडून घेतले. पुढे कित्येक शतके ते स्पेनच्या राजांच्या अमलाखाली राहिले, आणि १८६० साली गॅरिबाल्डीने त्यात प्रवेश केल्यावर ते एकसंध होऊ लागलेल्या इटलीत सामील झाले. इतके धनी आले आणि गेले, पण जाताना आपले ताट कोणी बरोबर नेले नाही. प्रत्येकाची एखादी पाककृती तेथेच राहिली, आणि ती आजही त्या शहराच्या गल्लीबोळांत शिजते आहे.

तेथील जुन्या बाजारांपैकी बाल्लारो हा फार गजबजलेला. अरुंद रस्त्यावर दोन्ही बाजूंनी रंगीत कापडाची छपरे, खाली वांगी, टोमॅटो, लिंबे, मासळी यांच्या राशी, आणि विक्रेत्यांच्या गाण्यासारख्या लांबलचक आरोळ्या. या बाजाराच्या नावाविषयी अभ्यासकांत मतभेद आहेत. जवळच्या एका अरबकालीन खेड्यावरून ते पडले असे मानतात. तर अरब लेखक ज्याला 'बल्हारा' म्हणत, त्या दख्खनच्या राजाच्या मुलुखातून येणाऱ्या मसाल्यांवरून ते पडले असाही एक तर्क आहे. 'बल्हारा' म्हणजे वल्लभराज, अर्थात मान्यखेटचा राष्ट्रकूट राजा. हे मान्यखेट म्हणजे आजच्या कलबुर्गी जिल्ह्यातील मळखेड. तर्क खरा असो वा नसो, इतक्या दूरच्या बाजाराच्या नावात आपल्या दख्खनचा वास शोधला जावा, हे ऐकून कोणाला बरे वाटणार नाही?

येथला पहिला घास 'पानेल्ले'चा. हरभऱ्याचे पीठ पाण्यात घोटून शिजवितात, त्यात हिरवा पाला चिरून घालतात, ते थापून पातळ वड्या कापतात, तेलात तळतात आणि तीळ लावलेल्या पावात घालून वर लिंबू पिळून देतात. आपल्या घरची पाटवडी ज्याने खाल्ली आहे, त्याला हा पदार्थ परका वाटणार नाही. दुसरा घास 'अरान्चिने'चा. नावाचा अर्थ लहानसे संत्रे. केशरी भाताच्या गोळ्यात मांसाचे सारण भरून, वरून पावाचा चुरा लावून तो तळलेला असतो. तांदूळ, ऊस व लिंबू यांची लागवड या बेटावर पसरली ती अरबांच्या अमलात. इतकेच नव्हे, तर इद्रिसी नावाच्या अरब भूगोलज्ञाने नॉर्मन राजा रॉजर याच्यासाठी ११५४ साली पूर्ण केलेल्या ग्रंथात, पालेर्मोजवळच्या त्राबिया गावी पिठाच्या शेवया करून त्या जहाजे भरभरून परदेशी पाठवीत, असे नमूद केले आहे. ज्या शेवयांनी इटली जगभर ओळखली जाते, त्यांची ही फार जुनी नोंद होय.

पुढच्या दुकानी सार्डिन मासळी मिळते. तिच्या पोटात पावाचा चुरा, बेदाणे व चिलगोजे भरून ती गुंडाळून भाजतात, आणि शेपटी वर उभी ठेवतात. श्रीमंतांच्या मेजावर अंजिरे खाऊन पुष्ट झालेली लहान पाखरे भाजून मांडीत. गरिबाला पाखरे कोठून मिळणार? त्याने स्वस्त मासळीलाच पाखराचे रूप दिले, व नावही त्या पाखराचेच ठेवले. दारिद्र्यातही मनुष्य थट्टा करू शकतो, याचे हे चविष्ट उदाहरण आहे.

तिसऱ्या ठिकाणी मोठ्या कढईपुढे माणसांची दाटी असते. तेथे 'पानी का मेउसा' मिळते. येथे 'पानी' म्हणजे पाणी नव्हे, पाव. वासराची प्लीहा व फुप्फुस उकडून, चरबीत परतून पावात भरतात. परंपरा सांगते, की हा पदार्थ पालेर्मोच्या यहुदी खाटकांपासून आला. धर्मनियमाप्रमाणे त्यांना जनावर कापण्याची मजुरी पैशाच्या रूपाने घेता येत नसे, म्हणून आतड्या-काळजाचा भाग त्यांच्या वाट्यास येई, व तो शिजवून ते विकीत. १४९२ साली राजा फर्डिनंडने यहुद्यांना देशत्यागाचा हुकूम दिला. त्यांची घरे गेली, प्रार्थनास्थळे गेली. त्यांच्या हातचा पाव मात्र शेजाऱ्यांनी चालू ठेवला. नुसते लिंबू पिळून खाल्ला तर तो पाव 'कुमारी', आणि त्यावर चीज घातले तर 'लग्न झालेली', असे गमतीने म्हणतात. हसत हसत खाल्ल्या जाणाऱ्या या घासामागे घालवून दिलेल्या एका समाजाची आठवण आहे, हे वाटाड्या सांगतो तेव्हा मेळा क्षणभर गप्प होतो.

सणांचीही आठवण अन्नातच साठविलेली असते. १३ डिसेंबर या संत लुसीच्या सणाच्या दिवशी पालेर्मोचे लोक पाव व शेवया वर्ज्य मानतात. १६४६ साली मोठा दुष्काळ पडला असता ऐन सणाच्या दिवशी धान्याने भरलेले जहाज बंदरास लागले, आणि भुकेल्या लोकांना गहू दळीत बसण्याइतकाही धीर नव्हता. त्यांनी तो अख्खाच उकडून खाल्ला, अशी लोककथा आहे. म्हणून त्या दिवशी आजही उकडलेल्या अख्ख्या गव्हात ताजे रिकोट्टा चीज व साखर घालून 'कुच्चीया' करतात. बेळगाव भागातील वाचकांना आपली हुग्गी आठवेल. पुढे मार्तोराना चर्चच्या चौकात बदामाच्या पिठीची फळे पाहावयास मिळतात. अंजीर, डाळिंब, संत्री अशी हुबेहूब, की हातात घेतल्यावाचून फसवणूक कळू नये. ही कला शेजारच्या मठातील बेनेडिक्टाईन धर्मभगिनींची. २ नोव्हेंबर या मृतांच्या स्मरणदिनी अशी फळे मुलांना देतात, आणि रात्री येऊन ती ठेवून गेली ती घरातील वारलेली आजी-आजोबा मंडळीच, असे त्यांना सांगतात.

येथवर आलेल्या वाचकाला वाटेल, की हे शहर म्हणजे निव्वळ गोडाधोडाचे व आठवणींचे आगर आहे. पण याच बाजारातील दुकानदार पिढ्यान् पिढ्या एक कडू घास गिळीत आला. माफिया नावाच्या गुन्हेगारी टोळ्या प्रत्येक दुकानावर गुप्त कर बसवीत. त्याला तेथे 'पित्सो' म्हणतात. सिसिलीच्या बोलीत या शब्दाचा अर्थ पक्ष्याची चोच. 'आमची चोच जरा ओली होऊ द्या', असे गोडीत सांगावयाचे, आणि कोणी नकार दिला तर त्याच्या दुकानाच्या कुलपात डिंक ओतावयाचा, दुकान जाळावयाचे, प्रसंगी जीव घ्यावयाचा. आपल्याकडील शहरांत 'हप्ता' या शब्दाला जो अर्थ चिकटला आहे, तोच हा. अशा दुकानी पाव घेणाऱ्या गिऱ्हाइकाच्या पैशातील एक वाटा, त्याच्या नकळत, बंदुकीच्या गोळीसाठी जात असे.

लिबेरो ग्रास्सी या कापड-कारखानदाराने हे मुकाट्याने सोसण्याचे नाकारले. १९९१ च्या जानेवारीत त्याने खंडणी मागणाऱ्यास उद्देशून एक उघड पत्र वृत्तपत्रात छापविले व आपण पैसे देणार नाही असे कळविले. व्यापारी बांधवांपैकी फारच थोडे त्याच्या पाठीशी उभे राहिले. २९ ऑगस्ट १९९१ रोजी पालेर्मोच्या रस्त्यात त्याला गोळ्या घालण्यात आल्या. पुढच्याच वर्षी फाल्कोने व बोर्सेल्लीनो हे माफियाविरुद्ध झुंजणारे दोन न्यायाधिकारी स्फोटांत मारले गेले. एकटा मनुष्य प्रामाणिक राहू पाहतो तेव्हा त्याचा एकटेपणा हाच त्याचा मोठा शत्रू ठरतो, हे त्या शहराने पाहिले.

मग २००४ साल उजाडले. काही तरुण मित्र खाणावळवजा एक दुकान काढण्याचा विचार करीत होते. खर्चाचा हिशेब मांडताना एकाने विचारले, 'पित्सो मागितला तर?' त्या प्रश्नाने त्यांची झोप उडाली. २९ जूनच्या सकाळी पालेर्मोचे नागरिक जागे झाले तो खांबांवर व भिंतींवर लहान पत्रके चिकटविलेली. जी जनता सबंधच्या सबंध पित्सो देते, ती प्रतिष्ठा गमावलेली जनता होय, अशा आशयाचे एकच वाक्य त्यांवर होते. येथून 'आद्योपित्सो', म्हणजे 'पित्सोला रामराम', ही चळवळ जन्मली. तिची युक्ती साधी होती. दुकानदाराला एकट्याने शूर व्हा असे सांगण्याऐवजी तिने गिऱ्हाइकांना एकत्र केले. जो पित्सो देत नाही त्याच्याकडेच आम्ही खरेदी करू, अशी प्रतिज्ञा हजारो नागरिकांनी केली. २००६ साली सुमारे शंभर व्यापाऱ्यांनी आपली नावे उघड केली. पुढे ती संख्या हजारावर गेली. अशा दुकानांच्या दारावर चळवळीची खूण लावलेली असते.

आता वाटाड्याच्या त्या दुसऱ्या गोष्टीचा उलगडा होतो. याच चळवळीतून निघालेल्या संस्थेतर्फे प्रवाशांना जी खाद्यफेरी घडविली जाते, ती केवळ पित्सो नाकारणाऱ्या दुकानांशी थांबते. संत फ्रान्सिसच्या चर्चसमोर १८३४ पासून चाललेले एक जुने भोजनगृह आहे. त्याच्या तत्कालीन मालकाने २००५ साली खंडणी मागणाऱ्यांना नकार दिला, पोलिसांत तक्रार केली, आणि पुढे भर न्यायालयात आरोपीकडे बोट दाखविले. त्याला पोलिसांच्या पहाऱ्यात वावरावे लागले, पण आरोपींना शिक्षा झाली. माफिया संपली असे अद्याप कोणी म्हणत नाही. परंतु जेथे पूर्वी नकार देणारा एकटा असे, तेथे आज त्याच्या दुकानात जाणीवपूर्वक पाव घेणाऱ्यांची रांग आहे. परदेशचा प्रवासीही चार युरोचा पाव खाऊन त्या रांगेत उभा राहू शकतो, ही केवढी सोय!

फेरी संपल्यावर सरळ रस्त्याने चालत गेले की पालेर्मोचे कॅथेड्रल लागते. तेथे फादर पिनो पुलीझी यांची कबर आहे. हे चांभाराचे पुत्र, ब्रांकाच्चो या गरीब वस्तीतील धर्मगुरू. तेथील मुले टोळ्यांच्या हाती लागू नयेत म्हणून त्यांनी १९९३ साली त्यांच्यासाठी एक केंद्र उघडले. सणाच्या थाटमाटासाठी माफियाकडून येणारा पैसा त्यांनी घेतला नाही. १५ सप्टेंबर १९९३ रोजी, त्यांच्या ५६ व्या वाढदिवशी, घराच्या दारातच त्यांचा खून झाला. मारेकऱ्याकडे पाहून ते हसले, आणि 'मला याची अपेक्षा होती' असे म्हणाले, हे पुढे मारेकऱ्यानेच कबूल केले. २५ मे २०१३ रोजी ख्रिस्तसभेने त्यांना धन्यवादित म्हणून घोषित केले. त्यांच्या कबरीस गव्हाच्या ओंबीचा आकार दिलेला आहे. योहानाच्या शुभवर्तमानातील जमिनीत पडलेल्या दाण्याचा बोध आपल्या वाचकांना नव्याने सांगावयास नको.

बाजारात आपण रोज काही ना काही घेतो. वस्तूचा भाव आपण बारकाईने विचारतो, वजन डोळ्यांत तेल घालून पाहतो. तो पैसा पुढे कोणाच्या हाती जातो, विकणाऱ्याला त्यातून काय उरते, आणि त्याने कोणापुढे मान न वाकविता तो कमावला आहे काय, हे विचारण्याची सवय मात्र आपल्याला फारशी नाही. पालेर्मोच्या त्या तरुणांनी ही सवय आपल्या शहराला लावली. पुढील आठवडी बाजाराला पिशवी घेऊन निघताना आपणही हा एक प्रश्न तीत टाकून न्यावा. त्याचे ओझे काही फार होणार नाही.