रिक्त पदे आणि न्यायालयाची पायरी

सरकारी नोकरीविषयी आपल्या समाजाला वाटणारी ओढ नवी नाही. मुलगा अथवा मुलगी सरकारी खात्यात लागली म्हणजे घर मार्गी लागले, अशी वडीलधाऱ्यांची समजूत असते. आणि तिला हसण्याचे कारण नाही. ठरल्या दिवशी हाती येणारा पगार ज्या घराने कधी पाहिला नाही, त्याला त्याचे मोल सांगावे लागत नाही. परंतु या नोकरीची वाट पुष्कळदा परीक्षागृहातून निघून न्यायालयाच्या आवारात शिरते आणि तेथेच वर्षानुवर्षे रेंगाळते. तरुणांना कोर्टबाजीची खोड लागली आहे, असा शेरा त्यावर सहज मारला जातो. मला तो अन्यायाचा वाटतो.

राजस्थान उच्च न्यायालयाने २००९ साली भाषांतरकारांच्या १३ जागांची जाहिरात काढली. परीक्षेला २१ उमेदवार बसले. परीक्षा होऊन गेल्यावर ७५ टक्के गुण मिळविणाऱ्यांनाच घ्यावे असे ठरले, आणि तिघांचीच निवड झाली. जाहिरातीत ही अट नव्हती. खेळ संपल्यावर नियम बदलता येतो काय, एवढाच प्रश्न! सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने त्याचे उत्तर ७ नोव्हेंबर २०२४ रोजी दिले : मूळ नियमांत किंवा जाहिरातीत तशी मुभा नसेल, तर भरती सुरू झाल्यावर निवडीची पात्रता मध्येच बदलता येत नाही. उत्तर योग्यच आहे. पण २००९ साली पहिलीत बसलेले मूल तोवर पदवीधर झाले असेल. अशा ठिकाणी दाद मागणाऱ्याला भांडखोर कोणत्या तोंडाने म्हणावे?

अर्थात उमेदवारांचीही एक समजूत दुरुस्त करावयास हवी. गुणवत्ता यादीत नाव लागले म्हणजे नोकरी आपली झाली, असे पालक धरून चालतात, पेढेही वाटतात. कायदा तसे म्हणत नाही. जागा रिकामी असली तरी यादीतील उमेदवाराला नेमणुकीचा अबाधित हक्क मिळत नाही, असा निर्णय १९९१ साली घटनापीठाने दिला. मात्र त्याच निर्णयात सरकारला मनमानी करता येणार नाही, जागा न भरण्यास सयुक्तिक कारण असले पाहिजे, असेही बजावले आहे. पहिले वाक्य सर्व खात्यांना मुखोद्गत असते, दुसऱ्याची आठवण याचिका दाखल झाल्यावरच होते. जागा का भरली नाही याचे कारण उमेदवाराला आपण होऊन लेखी कळविले, तर कित्येक खटले उभेच राहणार नाहीत असे मला वाटते.

भरतीत लबाडी झाली, तर तिचा भुर्दंड प्रामाणिकांनाही पडतो. पश्चिम बंगालमधील २०१६ च्या भरतीतील २५,७५३ शिक्षक व शिक्षकेतर नेमणुका सर्वोच्च न्यायालयाने ३ एप्रिल २०२५ रोजी रद्द केल्या. उत्तरपत्रिकांत फेरफार झाले होते, मूळ कागद नष्ट केले गेले होते. सारी प्रक्रियाच कलंकित ठरली. स्वतःच्या अभ्यासावर निवडले गेलेल्यांचीही नोकरी त्यात गेली. पुढे, ज्यांच्यावर ठपका नव्हता अशा शिक्षकांना काही काळ शिकवू दिले गेले, तेही मुलांचे नुकसान होऊ नये म्हणून.

मुलांचा विचार झाला, हे मला विशेष वाटते. कारण एरवी या वादात दोनच पक्ष मानले जातात, सरकार आणि उमेदवार. तिसरा पक्ष कोणाच्या ध्यानी येत नाही. गणिताचे पद रिक्त असले म्हणजे शेजारच्या वर्गाचे शिक्षक दोन वर्ग एकत्र बसवितात, नाही तर तासिकेच्या मोबदल्यावर कोणी तात्पुरते येते आणि वर्ष सरताच जाते. आरोग्यकेंद्रात परिचारिका नसेल तर रुग्ण पुढच्या गावी जातो. त्यांची याचिका कोण दाखल करणार?

गोव्यात खात्याखात्यांतून चालणारी भरती एका स्वतंत्र आयोगाकडे सोपविण्यासाठी २०१९ साली कर्मचारी निवड आयोगाचा कायदा झाला. ही दिशा मला मान्य आहे. मात्र जाहिरातीच्या तारखेबरोबर नेमणुकीची तारीखही छापली जावी, आणि ती टळल्यास कोणी जाब द्यावयाचा तेही त्याच कागदावर असावे, एवढी मागणी पालकांनी अवश्य करावी.