आधी जिना दाखवा!

भुयारी स्थानक म्हणजे काय, असे कोणी मला विचारले तर मी एका शब्दात उत्तर देईन : जिना! गाडी, रूळ, फलाट, चकचकीत फरशी आणि भिंतीवरची चित्रे हे सारे नंतरचे. ज्याला हे पटत नसेल त्याने भाऊबीजेच्या दिवशी एका हातात फराळाचा डबा, दुसऱ्या हातात नातवाचे बोट आणि मागे गुडघे धरून चालणारी बायको, अशा थाटात एकदा जमिनीखालून वर येऊन पाहावे. गाडीने दोन मिनिटांत केवढे अंतर तोडले, याचे कौतुक तिसाव्या पायरीवर संपते!

आमच्या नाशकात असले स्थानक नाही. म्हणून नाशिककराने त्याविषयी बोलू नये, असे मात्र कोणी समजू नये. पायऱ्यांच्या बाबतीत आम्हाला अक्कल शिकवील असे गाव अजून वसायचे आहे. आमचा सारा जन्म घाटावर चढण्या-उतरण्यात जातो. ज्या जुन्या माणसांनी गोदाकाठी घाट बांधले, त्यांना म्हातारीचे पाऊल किती उचलते आणि पर्वणीला माणूस किती लोटते, याचा अंदाज होता. म्हणून त्यांनी पायऱ्या काठाच्या लांबीभर पसरल्या. एका दारातून साऱ्या गावाला नदीवर सोडले नाही.

आता पुण्याचे उदाहरण घ्या. महाराष्ट्रात मेट्रोची पहिली भुयारी स्थानके मुंबईने नव्हे, पुण्याने उघडली. शिवाजीनगर आणि जिल्हा न्यायालय ही दोन स्थानके १ ऑगस्ट २०२३ रोजी सुरू झाली. कसबा पेठ, मंडई आणि स्वारगेट ही पुढची तीन २९ सप्टेंबर २०२४ रोजी. यांतले जिल्हा न्यायालयाचे स्थानक मोठे पाहण्यासारखे आहे. पूर्वी तिथे सरकारी धान्य गोदाम होते. आज त्याच जागी जमिनीखाली एक गाडी धावते, जमिनीवर खांबांवरून दुसरी धावते आणि उतारूने एकीतून दुसरीत जायचे असते. खालचा फलाट जमिनीपासून सुमारे ३३ मीटर खोल, म्हणजे दहा मजली इमारत उलटी पुरावी तितका! छप्पर असे उंच ठेवले आहे की सूर्यप्रकाश थेट फलाटापर्यंत उतरावा. ज्याला ही कल्पना सुचली, त्याला माझा नमस्कार.

पण या स्थानकाची कीर्ती कशी गातात? ‘देशातल्या अति खोल स्थानकांपैकी एक!’ अहो, विहीर खोल असली तर तिचे कौतुक करावे. स्थानक खोल असणे ही अडचण आहे, भूषण नव्हे! पुढे बोगद्यांना मुठेच्या पात्राखालून जायचे आहे, आणि नदीखालून जाणाऱ्या गाडीला उथळ राहून चालत नाही, हे मला कळते. तेव्हा खोलीबद्दल माझी तक्रार नाही. तक्रार आहे ती आपल्या मोजपट्टीबद्दल. खोली किती, खर्च किती, फीत कोणी कापली, हे आपल्याला तोंडपाठ. जिना किती रुंद आणि गर्दी किती मिनिटांत वर येते, हे आपण विचारीतही नाही.

न विचारण्याची किंमत काय असते ते इतिहासात लिहून ठेवलेले आहे. जगातली पहिली भुयारी रेल्वे लंडनमध्ये १० जानेवारी १८६३ रोजी धावली, तीही वाफेच्या इंजिनावर, धूर ओकीत. त्याच लंडनमध्ये युद्धाच्या काळात बेथनल ग्रीन या अर्धवट बांधलेल्या भुयारी स्थानकात लोक बॉम्बपासून आसरा घेत. ३ मार्च १९४३ च्या रात्री भोंगा झाला, लोक खाली निघाले. दार एक, जिना एक, मध्ये धरायला कठडा नाही. कोणी एक बाई अडखळली, आणि १७३ माणसे त्या जिन्यात गुदमरून मेली. त्या रात्री तिथे एकही बॉम्ब पडला नव्हता! मुंबईत २९ सप्टेंबर २०१७ रोजी एल्फिन्स्टन रोड स्थानकाच्या पुलाच्या जिन्यावर २३ माणसे चेंगरून गेली. गाडीला अपघात झाला नव्हता. आणि आमच्या नाशकात, २००३ च्या सिंहस्थात, रामकुंडाकडे उतरणाऱ्या अरुंद गल्लीत कितीतरी भाविक प्राणाला मुकले, ते नदीत बुडून नव्हे. गर्दी मारीत नाही. गर्दीला अपुरी पडलेली वाट मारते.

ज्या वाटेने माणूस उतरतो त्याच वाटेने पाणीही उतरते. मुंबईच्या भुयारी मार्गावरचे आचार्य अत्रे चौक स्थानक १० मे २०२५ रोजी उघडले आणि २६ मे रोजी, म्हणजे सोळाव्या दिवशी, पावसाचे पाणी एका अपुऱ्या प्रवेशमार्गातून आत घुसले. दुतोंड्या मारुतीच्या अंगावर पाणी कुठवर चढले, यावरून पुराचा अंदाज घेणाऱ्या आम्हा नाशिककरांना याचा अर्थ वेगळा सांगायला नको.

‘सरकते जिने असतात, लिफ्ट असते, उगाच काय रडता?’ असे कोणी म्हणेल. असतात, आणि असायलाच हवेत. परंतु वीज गेली की सरकता जिना हा साधा जिनाच होतो, आणि आग लागली तर लिफ्टमध्ये पाऊल टाकायचे नसते. १९८७ साली लंडनच्या किंग्ज क्रॉस स्थानकात एका लाकडी सरकत्या जिन्याखाली पेटती काडी पडली आणि ३१ माणसे गेली. संकटाच्या वेळी माणसाला वर आणतात ते त्याचे स्वतःचे पाय!

‘पण नाशकात भुयारी स्थानक होणारच कुठे आहे?’ हाही प्रश्न मला ठाऊक आहे. आमच्या वाट्याला २०२१ च्या अर्थसंकल्पात आली ती २,०९२ कोटी रुपयांची, रबरी चाकांची, खांबांवरची ‘निओ’ मेट्रो; ती कागदावरच राहिली. पण खांबावरचे स्थानक तरी निराळे काय? विहीर उलटी करून टेकवली की झाला मनोरा, पायऱ्या त्याच! आणि भुयाराची चव द्वारकेच्या चौकाने आम्हाला दाखवलेलीच आहे. तिथे पादचाऱ्यांसाठी भुयारी मार्ग झाला, आणि पादचारी वर्षानुवर्षे वरूनच जीव मुठीत धरून रस्ता ओलांडीत राहिले. लोकांना शिस्त नाही म्हणून नव्हे. माणसाच्या पायाला जी वाट सोयीची नसते, ती वाट माणूस घेत नाही म्हणून.

बारा वर्षांनी सिंहस्थ भरणाऱ्या या गावात उद्या जमिनीखाली वा जमिनीवर कसलेही स्थानक होवो, माझे मागणे साधे आहे. आराखडा मंजूर होण्याआधी तो चौकात लावा. दारे किती, ती कोणत्या रस्त्यावर उघडतात, पायरीची उंची किती, जिना किती रुंद, भरलेला फलाट किती मिनिटांत रिकामा होतो आणि पुराचे पाणी दारापासून किती खाली राहते, एवढे सहा आकडे मोठ्या अक्षरांत लिहा. ते वाचायला इंजिनिअर असावे लागत नाही; घरातल्या आजीलाही त्यावर मत देता येईल आणि बहुधा तिचेच मत खरे ठरेल. ज्याच्याकडे हे सहा आकडे नाहीत त्याच्या हाती कुदळ देऊ नका, मग तो कितीही थोर असो!