तळोजाच्या भिंतीआड

पनवेलजवळील तळोजा मध्यवर्ती कारागृहात ऑक्टोबर 2020 मध्ये येशूसंघीय फादर स्टॅन स्वामी यांना ठेवण्यात आले, तेव्हा ते 83 वर्षांचे होते. कंपवातामुळे हाती पेला धरवत नव्हता. पाणी पिण्याच्या नळीसाठीही न्यायालयात अर्ज करावा लागला. सहकैदी त्यांना जेवणात व आंघोळीत मदत करीत, हे त्यांनी पत्रातून कृतज्ञतेने कळवले. 5 जुलै 2021 रोजी, खटला उभा राहण्यापूर्वीच, त्यांचे निधन झाले.

बंदिवानाची भेट ही प्रभू येशूने स्वतःचीच भेट मानली (मत्तय 25:36). ती सेवा गजांआडच्यांनी केली. आपण तर मोकळे आहोत! 2022 अखेर देशातील सुमारे तीन चतुर्थांश बंदी कच्चे कैदी होते. त्यांतील बहुतेकांची नावे वर्तमानपत्रांत येत नाहीत. आपल्या धर्मग्रामातील अशा एका कुटुंबाची विचारपूस, एक पत्र, एक भेट, एवढे तरी आम्ही वाचकांकडे मागतो.