अपवादाचाच झाला नियम

एप्रिल-मे महिने आले की मंत्रालयातील वर्दळ वाढते. कोणाच्या हातात आमदारांचे शिफारसपत्र असते, कोणाच्या हातात आईच्या आजारपणाची कागदपत्रे. बदल्यांचे आदेश निघाले की हीच वर्दळ महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे, म्हणजे 'मॅट'कडे वळते. ज्याला हलविले तो आदेश रद्द व्हावा म्हणून दाद मागतो. ज्याला त्याच्या जागी आणले तो आदेश टिकावा म्हणून उभा राहतो. एका खुर्चीसाठी दोन लोकसेवक आणि खुद्द शासन कज्जात गुंतलेले. आणि त्या खुर्चीसमोर दाखल्यासाठी ताटकळणारा नागरिक मात्र कोणत्याच बाजूचा पक्षकार नाही!

वस्तुतः हा खेळ थांबावा म्हणूनच महाराष्ट्राने २००५ साली बदल्यांचे विनियमन आणि शासकीय कामातील विलंबास प्रतिबंध करणारा अधिनियम केला. १ जुलै २००६ पासून तो अमलात आला. एका पदावरून, कार्यालयातून वा विभागातून दुसरीकडे होणारी प्रत्येक नेमणूक त्याने 'बदली'च्या व्याख्येत आणली. अखिल भारतीय सेवांतील अधिकारी आणि गट अ, ब व क यांतील कर्मचाऱ्यांसाठी तीन वर्षांचा सर्वसाधारण पदावधी ठरला. मंत्रालयीन कर्मचाऱ्यास एकाच विभागात लागोपाठ दोन पदावधींहून अधिक काळ ठेवू नये, असेही बंधन आले. जानेवारीत यादी करावी आणि वर्षातून एकदाच, एप्रिल वा मेमध्ये बदल्या कराव्यात, असा क्रम घालून दिला. याच अधिनियमाने कोणत्याही टेबलावर फाईल सात कामकाजी दिवसांहून अधिक पडून राहू नये, असेही बजावले. बदलीतील शिस्त आणि कामातील गती ही एकाच नाण्याची दोन अंगे आहेत, हे कायदा करणाऱ्यांनी अचूक ओळखले होते.

परंतु याच कायद्यात एक खिडकी आहे. विशेष प्रकरणी, लेखी कारणे नोंदवून आणि वरिष्ठ सक्षम प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता घेऊन मुदतीआधीही बदली करता येते. पूर, दुष्काळ, गंभीर तक्रार अशा प्रसंगी ही मोकळीक हवीच. दुर्दैवाने या खिडकीचा राजमार्ग झाला. 'प्रशासकीय कारणास्तव' हे दोन शब्द लिहिले की कारण नोंदविले, अशी समजूत रूढ झाली. न्यायाधिकरणात असे आदेश कोसळतात ते न्यायाधीश कर्मचाऱ्यांचे कैवारी असतात म्हणून नव्हे. फाईल उघडल्यावर कारणाच्या जागी केवळ शिफारस सापडते म्हणून.

न्यायालयांची भूमिका या बाबतीत आरंभापासून संयमाचीच आहे. बदली हा सेवेचा अविभाज्य भाग असून अमुक एका जागी राहण्याचा हक्क कोणालाही नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९१ साली शिल्पी बोस प्रकरणात स्पष्ट केले. हस्तक्षेप करायचा तो बंधनकारक नियमाचा भंग झाला असेल किंवा आदेशामागे आकस असेल तेव्हाच. म्हणून सोयीचे शहर सुटू नये किंवा 'मलईदार' विभाग हातचा जाऊ नये, एवढ्यासाठीच न्यायाधिकरणाची पायरी चढणाऱ्यांनीही अंतर्मुख व्हावे. सेवेत शिरताना राज्यात कोठेही काम करण्याची अट त्यांनी स्वतःच मान्य केलेली असते.

तरीही मोठा दोष सत्तेकडेच जातो. हरियाणात अशोक खेमका यांची सेवाकाळात पन्नासहून अधिक वेळा बदली झाली; २०२५ साली ते निवृत्त झाले. अशा एका उदाहरणाने शेकडो तरुण अधिकारी काय धडा घेतात, हे सांगावयास हवे काय? माजी मंत्रिमंडळ सचिव टी. एस. आर. सुब्रमण्यम आणि त्यांच्या सहकाऱ्यांच्या याचिकेवर सर्वोच्च न्यायालयाने ३१ ऑक्टोबर २०१३ रोजी किमान पदावधी, नागरी सेवा मंडळे आणि तोंडी आदेशांची लेखी नोंद यांचे निर्देश दिले. निर्देश कागदावर उतरले. मनात उतरणे बाकी आहे.

हा विचार आपल्याला परका नाही. रामचंद्रपंत अमात्यांच्या आज्ञापत्रात गडावरील हवालदार, सरनौबत आदींना ठरावीक मुदतीने बदलण्याचा दंडक आहे. बदली तेथे शिक्षा नव्हती आणि बक्षीसही नव्हते. ती राज्याच्या सुरक्षिततेची व्यवस्था होती. मुदत आधी ठरलेली असली की मर्जीला वाव उरत नाही.

आजही उपाय अवघड नाही. जानेवारीची यादी सर्वांना पाहता यावी आणि मुदतपूर्व बदलीचे खरे कारण आदेशातच छापले जावे. सांगता येण्याजोगे कारण असेल तर ते लपविण्याची गरज काय? मात्र सरकारकडे बोट दाखविताना आपल्या घराकडेही पाहावे लागेल. मुलाच्या, जावयाच्या बदलीसाठी लोकप्रतिनिधीच्या दारी शिफारसपत्र मागणारे हात आपलेच असतात. त्या पत्राने आपल्या माणसाची सोय होते, पण नियमाने वागणारा कोणी अनोळखी त्याच पत्राने उठविला जातो. तो हात आखडला गेला, तर न्यायाधिकरणासमोरील निम्मे कज्जे दारातच मिटतील.