नेमणूकपत्राचे पेढे आणि हरवलेला रविवार

लोणी काळभोर हे एके काळी उसाच्या मळ्यांचे गाव. शेजारच्या थेऊरचा यशवंत सहकारी साखर कारखाना २०११ च्या सुमारास बंद पडला, शेतजमिनींवर इमारती चढल्या आणि घराघरांतील आशा मुलामुलींच्या कार्यालयीन नोकरीवर येऊन ठेपली. नेमणूकपत्र आले की देवापुढे पेढे ठेवले जातात. काही महिन्यांतच हा आनंद ओसरतो. पदवीचे शिक्षण कामी येत नाही, शिकवणारा वरिष्ठ भेटत नाही, घरी परतण्याची वेळ उरत नाही. वडीलधाऱ्यांचे उत्तर मात्र ठरलेले: नवी नोकरी आहे, सोसावे लागते!

किती सोसायचे? पुण्यातील एका बहुराष्ट्रीय कंपनीत रुजू झालेली २६ वर्षांची सनदी लेखापाल जुलै २०२४ मध्ये, अवघ्या चार महिन्यांत मृत्युमुखी पडली. कामाच्या अतिभाराने मुलीचा बळी घेतला, असे आईने कंपनीच्या प्रमुखांना लिहिले. कंपनीने ते नाकारले. सप्टेंबरमध्ये कामगार खात्याची तपासणी झाली, तेव्हा २००७ पासून चालणाऱ्या त्या कार्यालयाची आस्थापना कायद्याखाली नोंदणीच नसल्याचे उघड झाले. सतरा वर्षे हे कोणालाच कसे दिसले नाही?

राज्याच्या २०१७ च्या कायद्याने आठवड्याला ४८ तासांची मर्यादा आणि जादा कामाला दुप्पट मोबदला ठरवला. व्यवस्थापकीय पदांना त्यातून सूट आहे. म्हणून नवख्याला भारदस्त इंग्रजी पदनाम द्यायचे आणि त्याला ओव्हरटाइमचा हक्कच नाही असे भासवायचे, ही शुद्ध धूळफेक होय.

ऑक्टोबर २०२३ मध्ये नारायण मूर्तींनी राष्ट्राच्या प्रगतीसाठी तरुणांनी आठवड्याला ७० तास काम करावे, असे आवाहन केले. परिश्रमाशिवाय राष्ट्र उभे राहत नाही, हे खरेच. पण स्वेच्छेने दिलेले श्रम ही सेवा. नोकरी जाण्याच्या भीतीने काढून घेतलेले श्रम हे शोषण. त्यावर राष्ट्रकार्याचा शिक्का मारल्याने त्याचे स्वरूप पालटत नाही.

मूळचे पुणे जिल्ह्यातील कन्हेरसरचे नारायण मेघाजी लोखंडे यांनी गिरणी कामगारांना १८९० मध्ये रविवारची सुटी मिळवून दिली. अक्षरशत्रू कामगारांनी परकीय राजवटीत जे मिळवले, ते पदवीधर नातवंडे स्वतंत्र देशात निमूटपणे परत करीत आहेत. ‘सोसावे लागते’ म्हणण्याऐवजी पालकांनी कामाच्या तासांची नोंद ठेवायला सांगावे आणि वेळ पडल्यास कामगार आयुक्तालयाची पायरी चढताना मुलांच्या सोबत राहावे. पेढे वाटणाऱ्या घराचे एवढे तरी कर्तव्य आहेच.