गल्लीचा फळा गल्लीकडेच!

गिरगावातल्या कितीतरी चाळींच्या दारात काळा फळा असायचा. उद्या पाणी उशिरा येणार, तिसऱ्या मजल्यावर सत्यनारायण आहे, मागच्या खोलीतल्या आजी गेल्या, सगळं खडूनं लिहिलेलं. जाता-येता माणसं वाचायची, दुसऱ्या दिवशी फळा पुसला जायचा. कोण किती वेळ थांबून वाचत होतं, याची नोंद कुणी ठेवत नव्हतं.

आज गल्ली फोनमध्ये गेली आणि फळा परक्याच्या हाती. आमच्या इमारतीतल्या एका मुलीनं ग्रुपवर प्लंबर विचारला. तिचा नंबर दोनशे जणांना दिसला. त्या रात्रीपासून तिला अनोळखी मेसेज येऊ लागले. धुणीभांडी करणाऱ्या मावशींचा फोटो आणि येण्याजाण्याच्या वेळा गेटवरच्या ॲपमध्ये रोज साठतात. त्यांना कुणी विचारलंसुद्धा नाही.

24 ऑगस्ट 2017 रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या 9 न्यायमूर्तींच्या घटनापीठानं पुट्टस्वामी खटल्यात एकमतानं निकाल दिला: खासगीपणा हा मूलभूत हक्क आहे. तो हक्क आमच्या जिन्यापर्यंत यायला हवा. म्हणून आम्ही गल्लीचं स्वतःचं जाळं उभारत आहोत आणि जाहीर करतो की,

1. दोन शेजाऱ्यांनी ओळख दिली की सभासदत्व. आधारची झेरॉक्स मागणार नाही, फोन नंबर कुणालाही दिसणार नाही.

2. मजकूर 30 दिवसांनी पुसला जाईल. हरवलेलं मांजर सापडलं, तर त्याच दिवशी.

3. जाहिरात नाही, माहितीची विक्री नाही. खर्च वर्गणीतून, गणपतीच्या वर्गणीसारखा पै-पैचा हिशेब जिन्यात लावू.

4. सर्व्हर गल्लीच्या मालकीचा. ॲक्टिव्हिटीपब या 2018 पासूनच्या खुल्या मानकावर तो चालेल. त्यामुळे शेजारच्या आळीशी बोलता येईल, सभासदांची यादी मात्र आमच्याकडेच राहील.

5. पार्सलवाल्याचा, फेरीवाल्याचा फोटो टाकून 'हा कोण?' असं विचारू देणार नाही. संशयावरून कुणाचीही धिंड निघणार नाही.

6. इथे राबणारा प्रत्येक जण गल्लीचाच. वॉचमन आणि मावशीही सभासद, आणि त्यांचं मत आमच्याइतकंच मोलाचं.

7. घर सोडणाऱ्यानं सांगितलं, की त्याचा शब्द न् शब्द पुसू.

पहिल्या बैठकीला मावशींना बोलावलं आहे. त्यांचा फोटो ठेवायचा की पुसायचा, हे त्या सांगतील. आमच्या कामाची सुरुवात तिथून.